आशाबाईंच्या बट्ट्या आणि असीरगड

आशाबाईंबद्दल लिहा, असं योगेश म्हणाला तेव्हा मी आधी नाहीच म्हटलं. एक तर मला लिहायची सवय नाही. नेपानगरच्या कारखान्यात कारकुनी केली, तिथे लिहिलं ते सगळं दुसऱ्याच्या सहीचं. आणि खरं कारण म्हणजे मी त्यांना फारसं ओळखतच नव्हतो. तीन हिवाळे त्यांच्या अंगणात बसलो, जेवलो, पण आमचं सगळं बोलणं एकत्र केलं तर त्यातलं निम्मं "अजून एक घ्या" आणि "नको, झालं" एवढंच निघेल. त्यांचं माहेर जसोंडीचं, असं मी धरून चाललो होतो. का, ते आता सांगता येत नाही. ते चांदनीचं निघालं, आणि तेही मला त्यांच्या दहाव्याला कळलं, जेव्हा त्यांचे दोन भाऊ रेल्वेनं आले आणि अंगणात माझ्याच शेजारी येऊन बसले.

त्यांचा चेहरा आठवायला बसलो तर आधी हात आठवतो. मनगटावर गोंदणाचे हिरवे ठिपके असलेला, तुपाची वाटी धरलेला, माझ्या ताटाकडे येणारा.

पण येणारे पाहुणे अजून विचारतात की त्या किल्ल्यावर येणाऱ्या काकू कुठे आहेत. योगेश दर वेळी सांगून दमतो. म्हणून मला माहीत आहे तेवढं लिहून ठेवतो. काही माझ्या डोळ्यांसमोरचं आहे, काही ऐकलेलं.

योगेश माझ्या बहिणीचा मुलगा. इंदूरला कंपनीत होता, ते सोडून बुऱ्हाणपूरला परत आला आणि लोकांना फिरवायला लागला. बस भरून माणसं आणायची आणि महाल दाखवून परत पाठवायची, तसलं नाही. एका गाडीत मावतील तेवढीच माणसं, सात-आठ. पहिल्या दिवशी तापीच्या काठानं चालायचं, डोंग्यातून नदी ओलांडायची, केळीच्या बागांतून हिंडायचं. दुसऱ्या दिवशी असीरगड चढायचा, तोही गाडीच्या रस्त्यानं नाही, पायऱ्यांच्या जुन्या वाटेनं. आणि चढायच्या आधी एक जेवण खेड्यातल्या घरी, पाहुण्यांनी चुलीपाशी बसून, स्वतः पीठ मळून केलेलं. त्यासाठी त्याला घर हवं होतं. ते दापोऱ्यात मिळालं, आशाबाईंचं.

"मामा, तुम्हाला बरोबर यावं लागेल," तो म्हणाला.

"मी काय करू? मला चार माणसांत बोलता येत नाही."

"बोलायचं नाहीच. फक्त बसायचं."

त्याचं म्हणणं बरोबर होतं. दापोऱ्यात एकट्या बाईच्या अंगणात एक जवान पोरगा शहरातल्या पँटवाल्या मुली घेऊन उतरणार, म्हणजे गाव बोलणार. बरोबर एखादं पांढऱ्या केसांचं माणूस खाटेवर बसलेलं असलं की गाव गप्प बसतं. त्या माणसानं काही करायची गरज नसते, दिसायची असते. मला एवढं सोयीचं काम आयुष्यात कधी मिळालं नव्हतं.

आशाबाई तेव्हा साठीच्या आसपास असाव्यात. उंच, काळ्यासावळ्या, चालताना जरा पुढे झुकणाऱ्या. नवरा उखर्डू जाऊन बरीच वर्षं झालेली. दोन मुली, एक सुरतेला, एक जळगावला. शेत दिराकडे वाट्यानं दिलेलं. घर म्हणजे दोन खोल्या, पण अंगण केवढं तरी मोठं, मध्ये निंबाचं झाड, त्याखाली चूल आणि बट्ट्या भाजायचा खड्डा. उखर्डू होते तेव्हा केळीचे घड कापायला आलेल्या मजुरांच्या पंगती याच अंगणात उठायच्या. मग एकेक करून माणसं कमी झाली. योगेशनं पहिल्यांदा विचारलं तेव्हा त्या म्हणाल्या होत्या, "ये घेऊन. दोन भाकरींसाठी चूल पेटवायची लाज वाटते मले."

योगेशला ते नुसतं बोलणं वाटलं. मलाही.

जेवण असायचं वरण-बट्टी आणि वांग्याचं भरीत. आमच्या भागात सणालासुद्धा याच्या वर काही नाही. गव्हाचं जाडसर पीठ, त्यात थोडा मका, ओवा, हळद. घट्ट मळून गोळे करायचे आणि गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजायचे, फिरवत फिरवत, सगळीकडून तांबूस होईपर्यंत. वांगी पऱ्हाट्यांवर भाजायची, म्हणजे कपाशीच्या वाळक्या काड्यांवर, कारण त्या धुराशिवाय भरताला चव नाही. मग ती लाकडाच्या बडगीत हिरव्या मिरच्यांबरोबर कुटायची. कुटायचं काम पाहुण्यांचं. पहिले चार घाव हसत घालायचे, पाचव्याला मिरची नाकात जायची आणि माणूस निंबाच्या पलीकडे पळायचं. आशाबाई म्हणायच्या, "जाऊ द्या त्यायले. रडून येतात, मंग चांगलं जेवतात."

त्यांना मोठ्यानं हसताना मी कधी ऐकलं नाही. पदर तोंडाला लावायच्या आणि खांदे हलायचे.

आता मुख्य गोष्ट. आमच्याकडे पाहुण्याचं ताट रिकामं दिसणं ही घरच्या बाईची अब्रू गेल्यासारखी गोष्ट. पाहुणा पहिल्यांदा नको म्हणतो तो रीत म्हणून, दुसऱ्यांदा म्हणतो ते लाजून. खरंच पोट भरलं असेल तर त्यानं दोन्ही हात ताटावर आडवे धरायचे, वाकायचं, जवळजवळ ताटावर झोपायचं. तेव्हा कुठे वाढणारीचा विश्वास बसतो. हे आम्हाला कोणी शिकवत नाही, लहानपणापासून येतं. शहरातल्या पाहुण्यांना मात्र दुसरंच शिकवलेलं असतं. अन्न टाकायचं नाही, ताट पुसून खायचं. ते बिचारे ताट चकचकीत करायचे आणि हात बाजूला घ्यायचे. चकचकीत ताट बघितलं की आशाबाईंना वाटायचं, माणूस उपाशी आहे. त्या वाढायच्या. ते टाकायचं नाही म्हणून खायचे. पुन्हा चकचकीत. दोन्ही बाजू आपापल्या परीनं सभ्यपणे वागत होत्या आणि त्यातून सुटका नव्हती.

पुण्याचे सुधाकरराव म्हणून एक गृहस्थ आले होते, बँकेतून निवृत्त झालेले, बारीक अंगाचे. तिसऱ्या बट्टीनंतर त्यांची नजर केविलवाणी झाली. मी शेजारीच होतो. धीर करून त्यांच्या कानात म्हटलं, "हात आडवा धरा." त्यांनी धरला, पण एकच, आणि बोटं पसरून. आशाबाईंनी बोटांच्या फटीतून तूप सोडलं.

"अहो काकू, किल्ला चढायचाय," सुधाकरराव म्हणाले.

"म्हनून तं," आशाबाई म्हणाल्या. "उपाशीपोटी डोंगर चढतात का कोनी?"

योगेशनं खरं तर माणशी एकच बट्टी सांगितली होती. जेवण हलकं, मग चढाई, असा त्याचा हिशोब. पण डोंगर चढणाऱ्या माणसाला एका बट्टीवर घालवायचं आशाबाईंच्या मनाला पटणं शक्य नव्हतं. त्या उजाडायच्या आधीच गोवऱ्या पेटवायच्या.

त्या दिवशी जेवणं झाली आणि पाहुणे निंबाखाली "पाच मिनिटं" टेकले. ज्यानं तुपातली बट्टी खाल्ली आहे त्याला पुढे काय झालं ते सांगायला नको. सुधाकरराव पोत्याला टेकले ते घोरायलाच लागले. दोन मुली बूट घालूनच खाटेवर आडव्या झाल्या. गाडीचा चालक गाडीत झोपला. योगेश सगळ्यांना हलवत फिरत होता आणि आशाबाई त्याला हातानं गप्प करत होत्या. "झोपू दे रे. अन्नाची गुंगी आहे. उठवू नये."

उठले तेव्हा उन्हं कलली होती. गाडी असीरगडाच्या पायथ्याशी पोचली तोवर वर जायची वेळ संपली. सगळ्यांनी खालून फोटो काढले. सुधाकररावांनी नंतर मोबाइलवर योगेशच्या सहलीबद्दल अभिप्राय लिहिला, तो मी पाठ केला आहे: "जेवण अविस्मरणीय. किल्ला खालून सुंदर दिसतो."

असं एकदा झालं असतं तर हसण्यावारी गेलं असतं. त्या हिवाळ्यात निम्म्या मंडळींनी किल्ला खालूनच बघितला. लोक भांडत नसत, पण डोंगर चढायला आलो आणि झोपून गेलो, असं ज्याला त्याला सांगत. पुढच्या नोंदण्या गळायला लागल्या.

एका दुपारी पाहुणे झोपलेले असताना योगेश चुलीपाशी जाऊन बसला. मी खाटेवर होतो, म्हणून ऐकलं.

"मौसी, एक बात बोलू? राग नका मानू."

"बोल."

"हायवेवरचा एक हॉटेलवाला तयार आहे. सकाळी नाश्ता पॅक करून देईल, लोक टाइमावर किल्ल्यावर. उतरले की तिथंच जेवण. त्याचा कुक भाकरी-बिकरी करून दाखवेल."

आशाबाई चुलीतलं लाकूड मागे ओढत होत्या. ते त्यांनी पूर्ण बाहेर काढलं आणि राखेत विझवलं. "मंग इथं कोनी येनार नाही."

"कभी कभी आणीन ना."

"कधी कधी," त्या म्हणाल्या. मग म्हणाल्या, "मी कमी वाढीन."

"मौसी, तुमच्यानं नाही होणार."

"एक डाव पाह्य. पुढचे पाहुने किल्ल्यावर नाही पोचले, तं ने तुझ्या हॉटेलात. मी एक शब्द बोलनार नाही."

योगेशनं माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. कशासाठी हलवली ते मलाही नक्की ठाऊक नव्हतं, पण त्यानं ते होकारार्थी धरलं.

पुढची मंडळी यायच्या आधी आशाबाईंनी सराव केला. सराव म्हणजे मला जेवायला बोलावलं. शेजारची भागाबाई परीक्षक म्हणून जात्यावर बसली. तिची जीभ आशाबाईंच्या मिरचीपेक्षा तिखट.

"एकच वाढीन," आशाबाई म्हणाल्या. त्यांनी एक बट्टी कुस्करली, तूप घातलं, वरण घातलं आणि मागे सरकून दोन्ही हात मांड्यांखाली दाबून बसल्या. मी खायला लागलो. एरवीही मला कोणी बघत असलं की घास उतरत नाही. त्या तर माझ्या ताटाकडे अशा बघत होत्या, जसं दूध उतू जातं का ते बघावं.

शेवटचा घास घेतला. आशाबाईंचा उजवा हात मांडीखालून निघाला.

"हात," भागाबाई म्हणाली.

हात परत गेला.

"त्यायचं ताट रिकामं दिसू राह्यलं गं," आशाबाई म्हणाल्या.

"दिसू दे. ताटच आहे. काही मूल नाही रडाले."

"भाऊ, पोट भरलं का?" आशाबाईंनी मला विचारलं.

"भरलं," मी म्हटलं.

इथे माझं चुकलं. दोन्ही हात आडवे धरायला हवे होते. नुसतं "भरलं" म्हणणं म्हणजे आमच्याकडे वाढा म्हणण्यासारखंच. मी उठलो तेव्हा पाच बट्ट्या पोटात होत्या आणि भागाबाई कपाळाला हात लावून बसली होती.

"तुले कापून टाकलं तरी तुझा हात वाढीन," ती म्हणाली. "जाय हॉटेलात पाठव पाहुन्यायले."

आशाबाईंनी ताट उचललं, ओट्यावर नेऊन घासलं, पुसलं, उपडं घातलं. मला वाटलं, संपलं. मग त्या तिथूनच म्हणाल्या, "खरं आहे. मी घरी असले तं वाढीनच. म्हनून मी घरी असलेच नाही पाहिजे."

"कुठं जाशीन?"

"त्यायच्या संगं. किल्ल्यावर. पहिले चढू, मंग घरी येऊन जेवू."

"आन् बट्ट्या कोन भाजीन? मी वरण करीन, पन मले केळीच्या कामावर जाचं आहे मंग."

दोघींनी एकाच वेळी माझ्याकडे बघितलं.

"भाऊ बसलेलेच राहातात," आशाबाई म्हणाल्या. "खाटेवर बसतात ते खड्ड्याजवळ बसतीन. नुसत्या फिरवाच्या आहेत."

तर त्या रविवारी सकाळी गाडी दापोऱ्यात आली, मी पुढच्या सीटवरून उतरलो आणि माझ्या जागेवर आशाबाई बसल्या. नातवाचे पांढरे कापडी बूट घातले होते, त्यांच्या नाड्या बांधता येत नव्हत्या म्हणून खोचून टाकल्या होत्या. गाडीत सुधाकरराव होते, पुण्याहून दुसऱ्यांदा आलेले. म्हणाले, "या वेळी किल्ला वरून बघितल्याशिवाय मी जाणार नाही, आणि वरून येईपर्यंत मला कोणी काही खायला देऊ नये." इंदूरची हिमानी म्हणून एक मुलगी होती, हिंदीच जास्त बोलणारी. तिनं आशाबाईंच्या नाड्या नीट बांधून दिल्या. पाहुण्यांना एकेक केळं आणि चहा मिळाला होता, बस्स. आशाबाईंनी गाडी सुरू होताना मला दोनदा सांगितलं, "फिरवत राहा." गाडी वळेपर्यंत त्या मागे वळून खड्ड्याकडेच बघत होत्या.

वर काय झालं ते मी बघितलं नाही. दुपारी अंगणात हिमानी आणि योगेश दोघं मिळून, एकमेकांना तोडत सांगत होते, त्यावरून लिहितो.

आशाबाई सगळ्यांच्या पुढे. बूट नवे, पण पाय शेतातले. हिमानी म्हणाली, "हम लोग रुक रुक के फोटो ले रहे थे, और काकू ऊपर से देख रही थी कि ये बच्चे कब आएंगे." अर्धी वाट झाल्यावर सुधाकरराव एका पायरीवर बसले. घाम पुसला आणि म्हणाले, "झालं. मला इथूनही छान दिसतंय." योगेशनं समजावलं, हिमानीनं पाणी दिलं, ते उठेनात. एक माणूस मागे राहिला म्हणजे मंडळी पोचली असं कसं म्हणायचं.

आशाबाई चार पायऱ्या खाली उतरून आल्या. कमरेला खोचलेल्या पदराची गाठ सोडली. आत गूळ आणि भाजलेले शेंगदाणे.

योगेश म्हणाला, "मौसी, ठरलं होतं ना?"

"मी कुठं देऊ राह्यली?" त्या म्हणाल्या. त्यांनी गुळाचा खडा आणि मूठभर दाणे तळहातावर घेतले, सुधाकररावांना नीट दिसतील असे धरले. त्यांनी हात पुढे केला, तसा आशाबाईंनी आपला मागे घेतला आणि एक पायरी वर चढल्या.

"वर देते," म्हणाल्या.

"काकू, हा काय प्रकार आहे?"

"भूक लागली ना? या मंग."

पाहुणा समोर हात पसरून आणि आपण देत नाही, असं त्या बाईनं जन्मात केलं नव्हतं. पण दिलं नाही. एकेक पायरी उलट्या चालत, तळहात पुढे धरून त्या वर जात राहिल्या आणि सुधाकरराव, आधी चिडून, मग हसत, मग नुसतेच धापा टाकत त्यांच्या मागे. शेवटच्या दरवाजाच्या आत पाऊल पडलं तेव्हा गूळ आशाबाईंच्या हातात वितळून चिकटला होता. सुधाकररावांनी तो तसाच खाल्ला. मग आशाबाईंनी उरलेला पदर सगळ्यांपुढे रिकामा केला, आणि सगळे नको म्हणत असताना दोन-दोनदा दिलं. त्यांचं काहीतरी साठलेलं मोकळं झालं असावं.

वर वारा होता. डोंगरामागे डोंगर दिसत होते आणि खाली हिरवं सपाट रान. हिमानीनं विचारलं, "काकू, आपका घर किधर है?" आशाबाईंनी डोळ्यांवर हात धरून पाहिलं. तिथून दापोरा दिसणं शक्यच नाही. त्यांनाही ते माहीत होतं.

"धूर दिसतो का पाह्य कुठं," त्या म्हणाल्या. "भाऊ बट्ट्या जाळू राह्यले असतीन."

मी जाळत होतोच. म्हणजे सुरुवातीला मी मन लावून फिरवल्या. चिमट्यानं एकेक उचलायची, कूस बदलायची. मग सगळ्या बदलून झाल्या, ऊन छान पडलं होतं, खाली खाट नव्हती तरी मी बसलेला होतो, आणि बसल्यावर जे व्हायचं ते झालं. जाग आली ती वासानं.

मंडळी परत आली तेव्हा मी खड्ड्यापाशी उभा होतो. आयुष्यात पहिल्यांदाच त्या अंगणात उभा होतो. आशाबाईंनी गाडीतून उतरल्या उतरल्या खड्ड्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. एक बट्टी उचलली, फुंकर मारली, काळी बाजू दगडावर घासली आणि फोडली. आतून पिवळी, वाफाळती.

"पोचले का सगळे?" मी विचारलं, कारण मला तेच जाणून घ्यायचं होतं.

"सगळे पोचले," योगेश म्हणाला.

आशाबाई बट्टी हुंगत म्हणाल्या, "एका बाजूनं करपल्या. दुसरी बाजू चांगली आहे." आणि त्यांचे खांदे हलले.

मग त्या दिवशी जी पंगत झाली तशी मी पुन्हा बघितली नाही. बडगीत मिरच्या कुटताना कोणी पळालं नाही, भूकच तेवढी होती. काळं घासून काढायला सगळेच दगड घेऊन बसले. आशाबाईंना आता कोणाची भीती नव्हती. चढायचं काही उरलं नव्हतं. सुधाकररावांनी दोन्ही हात आडवे धरले, ताटावर वाकले, अगदी रीतसर. आशाबाई म्हणाल्या, "आता शिकले," आणि मानेच्या बाजूनं जागा बघून एक वाढलीच.

जेवून सगळे निंबाखाली झोपले. योगेश कोणाला उठवायला गेला नाही. तो चुलीपाशी बसून मोबाइलवर सहलीचा कार्यक्रम बदलत होता. सकाळी किल्ला, दुपारी आशाबाईंकडे जेवण, आणि त्याच्या खाली त्यानं लिहिलं: झोप. ते अजून तसंच आहे. काही लोक म्हणे तेवढ्यासाठीच येतात.

हॉटेलाचा विषय पुन्हा निघाला नाही. पुढचे दोन हिवाळे प्रत्येक मंडळीबरोबर आशाबाई वर गेल्या, पदरात गूळ बांधून. वडीलधारं माणूस म्हणून त्याच असल्यावर माझी खरं तर गरज उरली नव्हती, पण कोणी तसं म्हणालं नाही आणि मी बट्ट्या फिरवत राहिलो. हळूहळू दोन्ही बाजू सारख्या यायला लागल्या. सुरतेच्या मुलीनं त्यांना कायमचं बोलावलं होतं, हे मला नंतर कळलं. त्यांनी म्हणे फोनवर सांगितलं होतं, "हिवाळ्यात नाही जमत. मले किल्ल्यावर जावं लागते."

त्या गेल्या पावसाळ्याच्या शेवटी गेल्या. रात्री जेवून झोपल्या, सकाळी उठल्या नाहीत. आता चूल भागाबाई सांभाळते. ती तिसरी बट्टी मागितली तर विचारते, "पचीन का?" पाहुणे घाबरून थोडंच खातात आणि झोपही कमीच येते. वर जाताना गूळ योगेश नेतो.

आमची शेवटची भेट फेब्रुवारीच्या अखेरीची, उन्हाळा लागायच्या आधीच्या शेवटच्या मंडळीच्या वेळची. पाहुणे झोपून उठले होते, गाडीत बसत होते. मी पुढच्या सीटवर बसलो. आशाबाई फडक्यात काहीतरी बांधून घेऊन आल्या आणि खिडकीतून माझ्या मांडीवर ठेवलं. गरम होतं.

"दोन बट्ट्या आहेत," त्या म्हणाल्या.

"कशाला ताई? पोट भरलंय."

"भरलं तं सकाळी खाजा. तुपात तळून. शिळी चांगली लागते."

माझे हात तेव्हा मोकळेच होते, आडवे धरता आले असते. मी पुडकं नीट धरलं.

"बरं," मी म्हटलं.